तात्यांनी सांगितलेला शेवट

श्रीरामपुरात स्टेशनकडून बाजाराकडे येताना डाव्या हाताला वाकचौऱ्यांचं दुकान होतं. दहा फुटी पत्र्याचा गाळा, आत भिंतीला लावलेल्या फळ्या आणि त्या फळ्यांवर जुनी पुस्तकं. पुस्तक विकत मिळे, पण बहुतेक लोक वाचायलाच नेत. धड पुस्तक दोन दिवसांना पाच पैसे. ज्याची पुढची किंवा मागची पानं गेली असतील ते तीन पैसे.

दुकान पुंजाराम वाकचौऱ्यांनी सुरू केलं होतं. गाव त्यांना तात्या म्हणे. तरुणपणी ते मालधक्क्यावर हमाल होते. लोक गाडीत विसरलेली, वाचून बाकाखाली टाकलेली पुस्तकं झाडूवाले रद्दीत घालत. एकदा तात्यांनी त्यातली पाचसहा उचलून धक्क्यावरच्या कारकुनांना वाचायला दिली आणि त्यांना कळलं की लोक याचेही पैसे देतात. पाठ कामातून गेल्यावर त्यांनी तेवढाच धंदा धरला.

तात्यांना स्वतःला वाचता येत नव्हतं. पुस्तक ते मुखपृष्ठावरून आणि जाडीवरून ओळखत. पुस्तक कसं आहे हे त्यांना गिऱ्हाइकावरून कळे. दुसऱ्याच दिवशी परत आणलं म्हणजे चांगलं. चार दिवसांनी, आठवण केल्यावर आणलं म्हणजे बेताचं.

मुलगा आसाराम सायकलवर फिरून रद्दी गोळा करी आणि दर गुरुवारी एस.टी.ने नगरला जाऊन तिथल्या रद्दीवाल्यांकडून पुस्तकं निवडून आणी. त्याची बायको विजयमाला मिरजगावची. जुनी सातवी पास झालेली. गाळ्यामागच्या दोन खोल्यांत त्यांचा संसार होता, आणि दुपारी जेवणं आटोपली की ती पुढे येऊन बसे, पुस्तकांना वर्तमानपत्राची वेष्टणं घाली, सुटलेली पानं खळीने चिकटवी.

ती लग्न होऊन आली त्याच वर्षी तिची सासू वारली. त्यानंतर दोनतीन महिने तात्या जेवत नव्हते, बोलत नव्हते. एका दुपारी दुकानात कोणी नव्हतं, तेव्हा विजयमालाने त्यांना न विचारताच एक पुस्तक मोठ्याने वाचायला घेतलं. तात्यांनी ऐकलं. दुसऱ्या दिवशी त्यांनी स्वतः विचारलं, "कालचं ऱ्हायलेलं कुठवर आलं हुतं?"

तेव्हापासून दुपारी तास-दीड तास वाचन व्हायचं. तात्या भिंतीला टेकून, डोळे मिटून ऐकत. मध्ये गिऱ्हाईक आलं तर त्याला हाताने थांबवत.

त्यात एक कादंबरी नावाड्याची निघाली. तात्यांचं लहानपण प्रवरेच्या काठावरच्या गावात गेलेलं, म्हणून नावेची गोष्ट त्यांना फार लागली. त्या गोष्टीत पुराच्या संध्याकाळी पैलतीरावरून एक माणूस नावाड्याला हाका मारतो. नावाड्याचं त्याच्याशी भांडण असतं, म्हणून ऐकूनही तो नाव नेत नाही. तो माणूस पोहत निघतो आणि बुडतो. हाक ऐकली होती हे नावाडी कोणालाच सांगत नाही. पुढे त्या बुडालेल्या माणसाची बायको दर आठवड्याला त्याच्याच नावेतून बाजाराला जाते. नावाड्याला झोप लागेनाशी होते. शेवटी एक दिवस तो तिला सगळं सांगायचं ठरवतो, ती नावेत बसलेली असते, आणि तिथे पुस्तक संपत होतं. पुढची पानं गेलेली होती.

"पुढं?" तात्यांनी विचारलं.

"पुढची पानं नाहीत तात्या."

तात्यांनी डोळे उघडले. पुस्तक हातात घेऊन फाटलेली कड अंगठ्याने चाचपून पाहिली. मग ते परत दिलं. त्या दिवशी सकाळी ते कितीतरी दिवसांनी पोटभर जेवले होते. त्यांचा चेहरा पाहून विजयमालाच्या तोंडून निघून गेलं, "पण मी हे माहेरी वाचलंय. शाळेत होतं. शेवट आठवतो मला."

तिने ते कधीही वाचलेलं नव्हतं. तिने तिथल्या तिथे सांगितलं की नावाडी सगळं कबूल करतो, ती बाई खूप रडते, आणि मग म्हणते, माझा माणूस तर गेला, मला भाऊही नाही, आता तू माझा भाऊ. दिवाळीला ती त्याला ओवाळते.

"आसं व्हय," तात्या म्हणाले. त्यांचे डोळे ओले झालेले तिने पाहिले.

त्यानंतर आणखी सहा फाटक्या पुस्तकांचे शेवट तिने असेच 'माहेरी वाचलेले' सांगितले.

हे तिथेच राहिलं असतं तर बिघडलं नसतं. पण तात्यांना आता वाचणाऱ्या माणसाला सांगायला काहीतरी हाती आलं होतं. तीन पैशांचं पुस्तक नेताना कोणी कुरकुरला की ते म्हणत, "तू वाच तर. शेवट म्या सांगतो." आणि पुस्तक परत आलं की खरोखर सांगत. नावाड्याचा शेवट तर ते फार रंगवून सांगायचे. ओवाळून झाल्यावर नावाडी तिच्या ताटात ओवाळणी म्हणून नाव बांधायची कडी काढून ठेवतो, हे त्यांनी स्वतःच घातलेलं होतं. बाजार समितीतला मापाडी कारभारी, शेजारचा पानवाला छगन, गुदामावरचे कारकून, सगळ्यांनी तो ऐकला होता. बाहत्तरचा दुष्काळ पडल्यावर बाजारात माल येईना, मापाड्यांना काम उरेना. लोकांकडे वेळ होता आणि पैसा नव्हता. त्या दिवसांत तीन पैशांचीच पुस्तकं जास्त उठत, आणि तात्यांच्या पायरीवर दुपारी चारपाच माणसं असायचीच.

त्र्याहत्तरच्या फेब्रुवारीत दवाखान्यात एक नवी नर्स बदलून आली. भिंगारदिवे सिस्टर. चाळिशीच्या, एकट्या राहणाऱ्या, हळू बोलणाऱ्या. पहिल्याच दिवशी त्या दोन पुस्तकं घेऊन गेल्या आणि दुसऱ्या दिवशी परत घेऊन आल्या, त्यामुळे तात्यांना त्या आवडल्या. तिसऱ्या खेपेला त्यांनी फळीवरून नावाड्याची कादंबरी काढली.

"त्याची मागची पानं न्हाईत सिस्टर," तात्या म्हणाले. "पन काळजी करू नका. वाचून आना, शेवट म्या सांगतो."

"मी वाचलंय हे पूर्वी," सिस्टर म्हणाल्या. "नगरला ट्रेनिंगला होते तेव्हा. पुन्हा वाचावंसं वाटलं."

"मग तर तुमाला ठावंच आसंल. ती त्याला ववाळती ते." तात्या कारभाऱ्याकडे वळले. "काय रं, सांगितलं हुतं का न्हाई?"

सिस्टर म्हणाल्या, "ओवाळत नाही हो तात्या. ती पुन्हा त्याच्या नावेत पायसुद्धा ठेवत नाही."

पायरीवर कारभारी आणि छगन होते. कारभारी हसला. "तात्या, आमाला तर तुमी गेली दोन-तीन सालं ववाळनीच सांगताय."

विजयमाला आत खळीचं भांडं घेऊन बसली होती. तिचा हात थांबला. तात्यांनी तिच्याकडे पाहिलं आणि शांतपणे विचारलं, "सूनबाई, मिरजगावच्या पुस्तकात येगळं हुतं का?"

त्यांनी तिला वाट करून दिली होती, हे तिला कळलं. ती म्हणाली, "असेल. एखादी जुनी आवृत्ती असेल."

"असेल तसंही," सिस्टर म्हणाल्या. त्यांनी तिच्याकडे एकदा पाहिलं, तीन पैसे ठेवले आणि पुस्तक घेऊन गेल्या.

संध्याकाळी विजयमालाने भाकरी थापल्या, ताट वाढून तात्यांच्या पुढे ठेवलं आणि तिथेच बसली. आसाराम अजून यायचा होता.

"तात्या, मिरजगावला पुस्तकच नव्हतं ते. मी मनानं सांगितलं."

तात्यांनी मोडलेला घास ताटात ठेवला. "ह्योच येक शेवट का आनखी बी?"

"सात पुस्तकं आहेत."

"कोनती?"

तिने एकेक सांगितलं. तात्या बोटांवर मोजत होते. सातवं झाल्यावर ते म्हणाले, "मला वाचता येत न्हाई म्हनून सांगितलंस?"

"नाही तात्या. तुम्ही तेव्हा जेवत नव्हता."

"ते एक येळचं. बाकीच्या सा येळी तर जेवत हुतो का न्हाई?"

तात्यांनी ताटातलं संपवलं, कारण अन्न टाकायची त्यांना सवय नव्हती, आणि हात धुऊन बाहेर जाऊन बसले.

आसाराम आला तेव्हा तिने त्यालाही सांगितलं. तो म्हणाला, "गोष्टच आहे ती. त्यात एवढं काय? कुणाचं काय नुकसान झालं?" मग बापाकडे गेला आणि तेच त्यांना म्हणाला.

"तुझं काय झालं न्हाई," तात्या म्हणाले. "सांगितलं म्या हाय."

दुसऱ्या दिवशी सकाळी तात्यांनी पटका बांधला, काठी घेतली आणि निघाले. दुपारपर्यंत परत आले नाहीत. छगन पानवाल्याने विजयमालाला सांगितलं ते असं. तात्या आधी त्याच्याकडे आले आणि उभ्यानेच म्हणाले, "छगन, त्या नावंच्या पुस्तकाचा शेवट म्या तुला सांगितला तो खोटा हाय. खरा मला ठावं न्हाई." मग ते बाजार समितीत कारभाऱ्याकडे गेले, तिथून गुदामावर, तिथून मालधक्क्यावर. ज्याला ज्याला त्या सातांतला एखादा शेवट सांगितल्याचं आठवत होतं त्या प्रत्येकाला गाठून त्यांनी तेवढंच सांगितलं. कोणी हसलं, कोणाला गोष्टच आठवत नव्हती. गुदामावरच्या एका कारकुनाने चहा मागवला आणि विचारलं, "मग तुम्हाला कोणी सांगितला होता?" तात्या म्हणाले, "सांगनारा म्याच." चहा पिऊन ते पुढच्या माणसाकडे गेले.

हे ऐकून विजयमाला मागच्या खोलीत गेली आणि दार लोटून बसली. त्यांनी सगळ्या बाजारात तिचं नाव घेतलं असतं तरी इतकं लागलं नसतं.

त्या दिवसापासून दुपारचं वाचन बंद झालं. तात्या तिच्याशी बोलत, चहा मागत, छोट्या नातीला मांडीवर घेत. पण जेवणं झाली की स्टेशनवर जाऊन बाकावर बसत. एकदा तिने मुद्दाम धड, पहिल्यापासून शेवटपर्यंत सगळी पानं असलेलं पुस्तक काढलं आणि म्हणाली, "हे पुरं आहे तात्या. मोजून बघा." तात्यांनी पुस्तक हातात घेतलं, उलटसुलट केलं आणि म्हणाले, "आता कसं कळावं मला, तू त्यातलं वाचतीस का मनातलं?" आवाजात राग नव्हता. पुस्तक त्यांनी जागेवर ठेवलं आणि काठी घेऊन गेले.

चार दिवसांनी भिंगारदिवे सिस्टर पुस्तक परत करायला आल्या. दुकानात विजयमाला एकटीच होती. तिने विचारलं, "सिस्टर, हे पुरं पुस्तक कुठं मिळेल?"

सिस्टरांनी सगळा प्रकार बाजारात ऐकला होता. त्या म्हणाल्या, "माझ्या मोठ्या बहिणीकडे आहे, नगरला. सावेडीला राहते. पण ती पुस्तक घराबाहेर देत नाही. मलाही देत नाही."

"तिथे बसून उतरवून घेऊ देतील का?"

"ते देईल. मी चिठ्ठी देते."

गुरुवारी आसारामबरोबर ती पहिल्या गाडीने निघाली. मुलीला शेजारी ठेवलं, तात्यांना सांगितलं की नगरला काम आहे. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना शेतं उघडी पडलेली. राहुरीच्या पुढे एका ठिकाणी दुष्काळी कामावर बायका ओळीने खडी फोडत होत्या. नगरला उतरल्यावर आसाराम रद्दीवाल्यांकडे गेला आणि ती विचारत विचारत सावेडीला पोचली. तिथे तेव्हा नुकते प्लॉट पडले होते. दोन बंगल्यांच्या मध्ये बाभळी आणि मोकळी माती, घरांना अजून नंबर नव्हते. एका घरासमोर दोनदा जाऊनही तिला कळलं नाही की ते हेच.

सिस्टरांच्या बहिणीने चिठ्ठी वाचली, हात धुवायला सांगितले आणि पुस्तक टेबलावर आणून ठेवलं. फाटलेल्या जागेपुढे तेरा पानं होती. विजयमालाने आधी ती वाचून काढली. मग वही उघडून उतरवायला बसली. शाळा सुटल्यापासून इतकं लिहिलं नव्हतं. दोन तासांनी बोटं आखडली. बहिणीने चहा आणला, शेजारी बसल्या, आणि थोड्या वेळाने म्हणाल्या, "पुस्तक दे इकडे. मी वाचते, तू लिही." राहिलेली पाच पानं त्यांनी वाचून सांगितली. शेवटी त्यांनी वही घेऊन पुस्तकाशी ताडून पाहिली आणि दोन चुका दुरुस्त केल्या.

त्या चिठ्ठीच्या मागच्या बाजूला विजयमालाने त्यांना एक ओळ लिहून द्यायला सांगितलं: उतरवलेलं बरोबर आहे. त्यांनी सही केली.

दुसऱ्या दिवशी दुपारी तात्या काठी घेऊन उठले तेव्हा ती म्हणाली, "तात्या, नावाड्याचा शेवट आणलाय. पुस्तकातला. मी वाचणार नाही. सिस्टर येणार आहेत, त्या वाचतील. तुमच्या विश्वासाच्या कुणालाही बोलवा."

तात्या थांबले. "सिस्टरला कशाला तकलीफ?"

"त्या आपणहून म्हणाल्या."

सिस्टर ड्यूटी संपवून तीनला आल्या. पायरीवर छगन येऊन बसला, मागोमाग कारभारीही. सिस्टरांनी वहीतून वाचलं. नावाडी नाव मध्यावर थांबवतो आणि बाईला सांगतो की त्या संध्याकाळी मी हाक ऐकली होती. बाई म्हणते, "मला ठाऊक आहे. मी अलीकडच्या काठावर उभी होते. मीही ऐकली." तो विचारतो, मग इतके दिवस माझ्याच नावेत का बसलीस? ती म्हणते, "तू कधी सांगतोस ते बघत होते." नाव काठाला लागते. ती पैसे ठेवून उतरते. पुढच्या बाजारापासून ती दोन कोस वळसा घालून नदीच्या उथळ उतारातून चालत जाते, आणि नावाडी दर बाजाराला तिला लांबून जाताना पाहतो.

वाचून झालं. छगन म्हणाला, "हे काय बरं न्हाई वाटलं. ववाळनीचंच चांगलं हुतं."

"न्हाई," तात्या म्हणाले. "ह्येच बराबर हाय. हाक ऐकून जो गेला न्हाई त्याला कोन ववाळंल?" मग ते विजयमालाकडे वळले. आठ-दहा दिवसांत पहिल्यांदाच ते तिच्याशी पुस्तकाचं बोलत होते. "तू त्याला लई लौकर सोडलं हुतंस."

"तेव्हा मला तेवढंच सुचलं तात्या."

"सुचलं ते सुचलं. त्यात वाईट न्हाई. पन फाटलंय तिथं फाटलंय म्हनायचं. मग तुला काय वाटतं ते सांगायचं. मला दोन्ही ऐकायचंय. पन ह्ये कुठलं आन ते कुठलं, ह्ये मला कळाया पायजे."

"सांगीन," ती म्हणाली.

सिस्टरांनी वही मिटून तिच्या हातात दिली. उतरवलेली पानं विजयमालाने त्याच संध्याकाळी पुस्तकाला शिवली. दुसऱ्या दिवशी ते पुस्तक पाच पैशांच्या फळीवर गेलं.

बाकीच्या सहा पुस्तकांच्या पुऱ्या प्रती काही मिळाल्या नाहीत. आसारामने नगरला दोन गुरुवार शोधल्या. शेवटी तात्या म्हणाले की नुसती मोकळी ठेवण्यापेक्षा तिने आपलं लिहून लावावं. त्या सहा पुस्तकांच्या शेवटी तिने एकेक कागद लिहून चिकटवला. प्रत्येकाच्या डोक्यावर पहिली ओळ तीच: 'येथून पुढची पाने हरवली आहेत. खालचा मजकूर सौ. विजयमाला आसाराम वाकचौरे, श्रीरामपूर, यांनी लिहिला आहे.' नाव लिहावं की नाही यावर आसारामशी थोडी बोलाचाली झाली. बायकोचं नाव गावभर कशाला, असं त्याचं म्हणणं. तात्या म्हणाले, "मग कुनाचं लिवायचं? माझं नाव एकदा त्या ववाळनीला लावून झालंय."

दुपारचं वाचन पुन्हा सुरू झालं. मात्र आता पान फाटलेलं आलं की विजयमाला थांबे, पुस्तक तात्यांच्या हातात देई, ते कड चाचपत आणि परत देत. "हं. आता तुझं."

कागद लावलेल्या त्या पुस्तकांतलं पहिलं कारभाऱ्याने नेलं. एका चोरीची गोष्ट होती ती. दुसऱ्याच दिवशी तो ते घेऊन आला आणि पायरीवर एक पाय ठेवून उभा राहिला.

"वैनी, शेवट काय पटला न्हाई."

विजयमालाने हातातलं वेष्टण खाली ठेवलं. "काय पटलं नाही?"

"चोरी त्या मुनिमानं केली म्हनता तुमी. पन तराजूच्या खोलीची किल्ली त्याच्याकडं कधी नव्हतीच. म्या मापाडी हाय, मला कळतं ते. किल्ली ऱ्हाती मालकाच्या भावाकडं."

तात्यांनी डोळे उघडले. "बस खाली," ते म्हणाले. "सूनबाई, काढ ते पान. तराजूच्या खोलीचं कुठं आलंय बघू."

कारभारी बसला. विजयमालाने पुस्तक उघडलं आणि मागे मागे जात किल्लीचं पान शोधू लागली.